उरलेल्या वेळेतला अल्बम: क्वीन, ट्रायडेंट आणि १९७३

१९७१ सालच्या शेवटी शेवटी लंडनच्या वेम्बली भागात 'डी लेन ली' या कंपनीचा नवा रेकॉर्डिंग स्टुडिओ तयार होत आला होता. भिंती उभ्या होत्या, यंत्रं बसत होती, पण एका खोलीतला दणका शेजारच्या खोलीत झिरपतो का, हे कुणालाच माहीत नव्हतं. ते तपासायचं तर कुणीतरी येऊन तासन्‌तास जोरात वाजवायला हवं, आणि तेही फुकट. मोबदला म्हणून त्यांची गाणी टेपवर घेऊन द्यायची, एवढाच व्यवहार. एक बँड लगेच तयार झाला. त्यांच्याकडे मोठे अ‍ॅम्प्लिफायर होते, गाणी होती, आणि गमावण्यासारखं काही नव्हतं.

या व्यवहारातून क्वीन या ब्रिटिश रॉक बँडच्या हाती पाच गाण्यांची डेमो (नमुन्याची) टेप आली: 'कीप युअरसेल्फ अलाइव्ह', 'लायर', 'ग्रेट किंग रॅट', 'जीझस' आणि 'द नाइट कम्स डाउन'. ही टेप घेऊन ते कंपन्यांचे उंबरे झिजवत राहिले. पुढे पहिला अल्बम आला तो १३ जुलै १९७३ रोजी. मधली दीड-दोन वर्षं कुठे गेली आणि त्यांनी त्या अल्बमचं काय केलं, हा या प्रकरणाचा विषय. माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो: या अल्बममधले दोष आणि त्याला मिळालेली थंड वागणूक, दोन्हींची मुळं गाण्यांपेक्षा घड्याळात जास्त आहेत.

माणसं

तेव्हा हे चौघे कोण होते? ब्रायन मे इम्पीरियल कॉलेजात सूर्यमालेतल्या धुळीवर पीएच.डी. करत होता (ती पुरी झाली २००७ मध्ये). रॉजर टेलर दंतवैद्यकी सोडून जीवशास्त्राकडे वळला होता. १९७१ च्या सुरुवातीला आलेला बास वाजवणारा जॉन डीकन इलेक्ट्रॉनिक्स शिकत होता. त्याच्याआधी दोन-तीन जण येऊन गेले होते. आणि फ्रेडी बुलसारा ईलिंगच्या कला महाविद्यालयातून ग्राफिक डिझाइन शिकून बाहेर पडला होता आणि टेलरबरोबर केन्सिंग्टन मार्केटमध्ये कपड्यांचा स्टॉल चालवत होता. मे आणि टेलर आधी 'स्माइल' नावाच्या बँडमध्ये होते. त्याचा गायक टिम स्टाफेल १९७० मध्ये बाहेर पडला, त्या जागी फ्रेडी आला आणि बँडचं नाव बदलून 'क्वीन'ही त्यानेच केलं.

आपल्याकडे क्वीनचा विषय निघाला की गाडी पाचगणीला थांबल्याशिवाय पुढे जात नाही. तेव्हा थांबूया. झांझिबारमध्ये जन्मलेला पारशी मुलगा फारुख बुलसारा पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत बोर्डिंगला होता, ते साधारण १९५५ पासून पुढची सात-आठ वर्षं. पियानोचं शिक्षण तिथलं, 'फ्रेडी' हे हाकेचं नाव तिथलं, आणि 'द हेक्टिक्स' हा मुलांचा बँडही तिथलाच. १९६४ च्या क्रांतीनंतर कुटुंबाने झांझिबार सोडलं आणि ते लंडनजवळच्या फेल्टममध्ये आले. पाचगणीने क्वीन घडवलं असं म्हणणं म्हणजे टेबललँडवर उभं राहून लंडन दिसतं असं म्हणण्यासारखं आहे. पण या अल्बमवर 'जीझस' नावाचं एक गाणं आहे, ते लिहिणारा पारशी घरातला आहे, आणि गाण्यात समूहस्वर प्रार्थनेसारखे येतात. अँग्लिकन वळणाच्या शाळेतल्या सकाळच्या प्रार्थना अंगात किती मुरल्या असतील, असा विचार ते ऐकताना माझ्या मनात दर वेळी येतो. तो माझा विचार, पुरावा नाही.

फ्रेडीच्या पुढच्या आडनावाचा उगमही याच अल्बममध्ये आहे. 'माय फेअरी किंग' या गाण्यात 'मदर मर्क्युरी' अशी हाक येते. ते लिहिल्यानंतर फ्रेडीने आपलं आडनाव मर्क्युरी करायचं ठरवलं, असं मे यांनी पुढे सांगितलं आहे.

करार आणि 'डाउनटाइम'

वेम्बलीत त्यांचं वाजवणं दोन रेकॉर्ड-निर्मात्यांच्या कानावर पडलं: जॉन अँथनी आणि रॉय थॉमस बेकर. दोघांचाही संबंध सोहोमधल्या सेंट अ‍ॅन्स कोर्ट या बोळातल्या ट्रायडेंट स्टुडिओशी होता. ट्रायडेंट म्हणजे तेव्हाचं लंडनमधलं मोठं नाव. १९६८ मध्ये बीटल्स तिथे येऊन 'हे जूड' ध्वनिमुद्रित करून गेले होते. गायक डेव्हिड बोवीचं त्या काळातलं बरंच काम तिथलं. मालक होते नॉर्मन आणि बॅरी हे शेफील्ड बंधू.

शेफील्डांनी बँडला घेतलं, पण कसं, ते पाहण्यासारखं आहे. ध्वनिमुद्रण, गाण्यांचे प्रकाशन हक्क आणि व्यवस्थापन, तिन्ही एकाच घरात. म्हणजे कलावंताच्या वतीने ज्याने भांडायचं तो आणि ज्याच्याशी भांडायचं तो, दोघे एकच. सह्या झाल्या नोव्हेंबर १९७२ मध्ये, पण काम त्याआधीच सुरू झालं होतं. ट्रायडेंट अल्बम स्वतःच्या खर्चाने करणार आणि तयार माल रेकॉर्ड कंपनीला विकणार, अशी ही योजना. शेफील्डांची बाजूही ऐकली पाहिजे: नाव नसलेल्या चार पोरांवर त्यांनी स्टुडिओ, साधनसामग्री आणि पगार लावला, आणि परतावा कधी येईल याचा पत्ता नव्हता.

पण स्टुडिओ हा तासावर चालणारा धंदा. दिवसा पैसे देणारं गिऱ्हाईक बसलेलं. मग स्वतःच्याच बँडला वेळ कुठला द्यायचा? उरलेला. स्टुडिओच्या बोलीत याला 'डाउनटाइम' म्हणतात. कुणाचं काम लवकर आटपलं, कुणी आलंच नाही, की निरोप जायचा. बऱ्याचदा रात्री दोन-तीनला आत शिरायचं आणि सकाळी साफसफाईवाले आले की बाहेर. एखाद्या ट्रॅकचा सूर लागतोय तोवर खोली सोडायची, आणि पुढच्या वेळी माइक, पातळ्या, सगळं पुन्हा पहिल्यापासून मांडायचं. लग्नघरातल्या आचाऱ्याला मुख्य पंगती उठल्यावर उरलेल्या निखाऱ्यावर स्वतःचा स्वयंपाक करायला सांगावं, तशातला प्रकार.

वाट पाहण्यातही गंमत झाली. ट्रायडेंटचाच एक ध्वनितंत्रज्ञ रॉबिन केबल जुनी गाणी नव्या थाटात करून पाहत होता. त्याने रिकाम्या बसलेल्या फ्रेडीला गायला बोलावलं, मागोमाग मे आणि टेलरही गेले. ती रेकॉर्ड 'लॅरी ल्युरेक्स' या चेष्टेतल्या नावाने १९७३ च्या मध्याला, क्वीनच्या पहिल्या रेकॉर्डच्या जरा आधी, बाजारात आली आणि कुणी ढुंकून पाहिलं नाही.

ड्रमचं भांडण

आता खरी अडचण. ती समजून घ्यायला पुण्यातलं उदाहरण सोपं पडेल. विसर्जनाच्या दिवशी लक्ष्मी रोडवर ढोल वाजतो तेव्हा आपण फक्त कातड्यावरचा ठोका ऐकत नाही. दोन्ही बाजूंच्या इमारतींवर आपटून परत येणारा आवाज ऐकतो. छाती दणाणते ती त्या परतीच्या आवाजाने. तोच ढोल गाद्या लावलेल्या कोठीत नेऊन वाजवा, नुसता 'थड' असा कोरडा आवाज येईल.

ट्रायडेंटमध्ये ड्रम एका लहानशा बंद कप्प्यात ठेवत. कातड्यांवर चिकटपट्टी लावून त्यांची गुंज मारत, माइक अगदी जवळ. त्या काळातला तो फॅशनेबल आवाज होता: नेटका, सुका, ताब्यात राहणारा. बोवीच्या गाण्यांना तो शोभूनही दिसला. पण रॉजर टेलर वाजवायचा ते खोली भरण्यासाठी. ड्रम मोकळ्या खोलीत ठेवा, माइक लांब लावा, असं मे आणि टेलर सांगत राहिले. इथे असंच करतात, नंतर मिक्समध्ये (म्हणजे वेगवेगळे मुद्रित आवाज एकत्र जुळवताना) बघू, असं उत्तर मिळत राहिलं. नंतर बघू या शब्दांनी जगात जेवढी कामं बिघडली तेवढी दुसऱ्या कशाने नसतील. जो आवाज टेपवर गेलाच नाही तो मिक्समध्ये कुठून आणणार? गंमत अशी की मालकांपैकी नॉर्मन शेफील्ड स्वतः एके काळी बँडमध्ये ड्रम वाजवत असे.

बँडकडे एक मोजपट्टी होती आणि तीच त्यांना छळत होती: वेम्बलीची टेप. त्या मोकळ्या, नव्या खोलीत कुणी फार कलाकुसर केली नव्हती, पण ड्रम श्वास घेत होते. 'द नाइट कम्स डाउन' ट्रायडेंटमध्ये पुन्हा ध्वनिमुद्रित केलं, दोन्ही शेजारी ठेवून ऐकलं, आणि शेवटी अल्बमवर वेम्बलीचीच आवृत्ती घेतली. महागड्या स्टुडिओतल्या अल्बमवर भिंती तपासताना केलेलं गाणं जसंच्या तसं बसलं. आजही अल्बम सलग ऐकताना दुसऱ्या बाजूला 'लायर' संपून हे गाणं सुरू झालं की खिडकी उघडल्यासारखं वाटतं.

'कीप युअरसेल्फ अलाइव्ह'ने तर सगळ्यांचा अंत पाहिला. पहिलं सिंगल (अल्बमबाहेर सुटं विकायचं गाणं) हेच ठरलेलं, त्यामुळे मिक्सवर मिक्स होत गेले आणि सात-आठ प्रयत्न फेटाळले गेले. शेवटी माइक स्टोन या तरुण तंत्रज्ञाने केलेला मिक्स सगळ्यांना चालला. पुढे बरीच वर्षं तो बँडबरोबर राहिला. मे यांना मात्र वेम्बलीच्या डेमोतला जीव ट्रायडेंटच्या आवृत्तीत कधीच सापडला नाही. 'मॅड द स्वाइन' हे गाणं तालवाद्यांच्या मिक्सवरून बेकर आणि बँडचं जमेना म्हणून बाहेर ठेवलं गेलं. ते ऐकायला मिळालं १९९१ मध्ये, 'हेडलाँग' या सिंगलच्या मागच्या बाजूला.

गिटार मात्र त्यांच्या हातात होती

ड्रममध्ये हरले, पण गिटारमध्ये कुणाचं चाललं नाही, कारण ती गिटारच बाजारातली नव्हती. १९६३ मध्ये सोळा वर्षांच्या ब्रायनने वडिलांबरोबर घरीच ती बनवायला घेतली. मानेचं लाकूड एका जुन्या शेकोटीच्या चौकटीचं. सूर हलवणाऱ्या दांड्याला आईच्या विणकामाच्या सुईचं टोक, आत जुन्या मोटरसायकलच्या व्हॉल्व्हच्या स्प्रिंगा. पट्टीवरच्या खुणांचे ठिपके शिंपल्याच्या गुंड्या घासून केलेले. आणि वाजवायची ती प्लास्टिकच्या तुकड्याने नाही, सहा पेन्सच्या नाण्याने. नाण्याच्या दातेरी कडेमुळे सुरावर एक बारीक खरखर येते.

या गिटारचा एक सूर ध्वनिमुद्रित करायचा, त्यावर तिसरा स्वर, त्यावर पाचवा, असे थर चढवत नेले की ती गिटार राहत नाही. कधी व्हायोलिनचा ताफा वाटते, कधी यंत्र. ट्रायडेंटच्या टेपवर सोळा ट्रॅक, म्हणजे वेगवेगळे आवाज घ्यायच्या सोळा पट्ट्या होत्या, म्हणजे थरांना मर्यादा होती, पण 'डूइंग ऑल राइट' मधला हळुवार भाग एकदम फुटतो तिथे किंवा 'सन अँड डॉटर' च्या जडशीळ चालीत पुढच्या क्वीनची चुणूक दिसते. मार्च १९७३ मध्ये पिंक फ्लॉइड या बँडच्या अल्बमने सिंथेसायझरची, म्हणजे विजेवर सूर तयार करणाऱ्या वाद्याची, हवा केलेली होती. लोक हेही यंत्रच समजणार याची बँडला खात्री असावी, म्हणून वेष्टनावर छापलं की या रेकॉर्डवर कुणीही सिंथेसायझर वाजवलेला नाही. त्याच वेष्टनावर आणखी एक वाक्य आहे: गेल्या तीन वर्षांतलं क्वीनचं संगीत काय होतं ते 'अखेर' थोडंफार इथे आलं आहे. त्या 'अखेर'मध्ये सगळा वैताग आहे.

मुखपृष्ठावर दिव्याच्या झोतात हात उंचावलेला फ्रेडी, फोटो मित्र डग पडिफूटने काढलेला. जॉन डीकनचं नाव 'डीकन जॉन' असं उलटं छापलं, ऐकायला भारी वाटतं म्हणून. डीकनला ते आवडलं नाही. पुढच्या वेळी सरळ झालं.

बाजारात

ध्वनिमुद्रण १९७२ संपता संपता उरकत आलं होतं. मग गिऱ्हाईक शोधणं सुरू झालं. ब्रिटनमध्ये ईएमआय आणि अमेरिकेत इलेक्ट्रा या रेकॉर्ड कंपन्या तयार होईपर्यंत महिने गेले. फेब्रुवारी १९७३ मध्ये बीबीसी रेडिओसाठी बँडने चार गाणी वाजवली, ती प्रसारित झाली, लोकांनी ऐकली, आणि विकत घ्यायला दुकानात रेकॉर्डच नव्हती.

जुलैमधलं वातावरण काय होतं? ३ जुलैला बोवीने हॅमरस्मिथ ओडियनच्या मंचावर आपलं झिगी हे पात्र निवृत्त केलं. चकचकीत कपडे, डोळ्यांत काजळ, हे सगळं ब्रिटनमध्ये वर्ष-दीड वर्ष जुनं झालं होतं. ६ जुलैला 'कीप युअरसेल्फ अलाइव्ह' आलं आणि १३ ला अल्बम. बँड १९७० पासून याच थाटात वावरत होता, पण ते माहीत कुणाला? बघणाऱ्याला वाटलं, वरात पुढे गेल्यावर हे आले नाचायला.

सिंगलचं काय झालं ते तेव्हाच्या रेडिओची रचना पाहिल्याशिवाय कळणार नाही. ब्रिटनमध्ये कायदेशीर खासगी रेडिओ सुरू झाला ऑक्टोबर १९७३ मध्ये. जुलैत दार एकच, बीबीसी रेडिओ वन. त्यांनी हे गाणं पाच वेळा परत पाठवलं. गाण्यात मुद्द्यावर यायला फार वेळ लागतो, असा एक शेरा मे आठवून सांगतात. हा शेरा मला अगदीच चूक वाटत नाही. सुरुवातीला एकटी गिटार बराच वेळ खरडत राहते, मग दुसरी येते, मग ड्रम. आज ती सुरुवात ऐकून अंगावर काटा येतो, पण दोन गाण्यांच्या मध्ये गप्पा मारणाऱ्या निवेदकाला ती नकोशी वाटली तर नवल नाही. सिंगल खपाच्या यादीत कुठेच आलं नाही.

टीव्हीवर मात्र एक योगायोग जुळला. 'द ओल्ड ग्रे व्हिसल टेस्ट' या कार्यक्रमाच्या कचेरीत कोऱ्या लेबलची एक रेकॉर्ड येऊन पडली. कुणाची ते कळेना, पण ती आवडली. त्यांनी ती एका जुन्या कार्टून फिल्मच्या धावत्या आगगाडीवर लावून जुलैच्या अखेरीस दाखवली. हे कोण, अशी विचारणा झाल्यावर नाव पुढे आलं. ज्या बँडने स्वतःच्या रूपावर एवढी मेहनत घेतली त्याची टीव्हीवरची पहिली ओळख बिनचेहऱ्याची झाली.

समीक्षेत ब्रिटन आणि अमेरिका दोन टोकांना. 'न्यू म्युझिकल एक्सप्रेस'ने या अल्बमची तुलना शिळ्या मुताच्या बादलीशी केली. त्या साप्ताहिकाची भाषा तेव्हा तशीच होती आणि वाचकांना ती हवीही असे. 'रोलिंग स्टोन'च्या समीक्षकाला मात्र यांच्यात लेड झेपेलिन या बड्या रॉक बँडच्या रिकाम्या होऊ घातलेल्या गादीचे दावेदार दिसले. अमेरिकेतल्या खपाच्या यादीत अल्बम ८३ व्या क्रमांकापर्यंत चढला. ब्रिटनमध्ये त्या वर्षी तो यादीत दिसलाच नाही.

मग बँड रस्त्यावर उतरला. नोव्हेंबर-डिसेंबर १९७३ मध्ये 'मॉट द हूपल'च्या दौऱ्यात आधी वाजवणारा बँड म्हणून ते गावोगाव फिरले. कोंडलेला ड्रम तिथे मोकळा झाला. ज्यांनी अल्बम ऐकला नव्हता त्यांनी आधी बँड पाहिला.

आणि खरी किल्ली अल्बमच्या तळाशीच पडलेली होती. शेवटचा ट्रॅक 'सेव्हन सीज ऑफ राय' सव्वा मिनिटाचा, बिनशब्दांचा, अर्धवट तुकडा आहे. फ्रेडीचं गाणं तेव्हा पुरं झालंच नव्हतं. ते पुरं होऊन १९७४ च्या फेब्रुवारीत आलं. 'टॉप ऑफ द पॉप्स' या बीबीसी टीव्हीच्या कार्यक्रमात ऐन वेळी बोवीची फिल्म मिळाली नाही, त्या रिकाम्या जागेत क्वीनला घुसवलं, आणि गाणं १० व्या क्रमांकावर गेलं. पुन्हा उरलेला वेळच, फक्त या वेळी टीव्हीचा. दुसरा अल्बम ५ व्या क्रमांकावर पोचला आणि त्याच्या मागोमाग लोकांनी पहिला शोधून काढला. तो २४ व्या क्रमांकापर्यंत गेला. दुसऱ्या अल्बमच्या वेळी बँडने अट घातली होती: नियमित वेळ द्या. ऑगस्ट १९७३ मध्ये त्याच ट्रायडेंटमध्ये त्यांना तो मिळाला, आणि फरक कुणालाही ऐकू येतो.

पैशांचं दुखणं मात्र राहिलं. आठवड्याला २० पौंडांच्या पगारावर सुरुवात झालेली. नाव झालं तरी हिशेब सुटेना. १९७५ मध्ये मोठी रक्कम मोजून त्यांनी ट्रायडेंटपासून सुटका करून घेतली.

एक्कावन्न वर्षांनी

ऑक्टोबर २०२४ मध्ये मे आणि टेलर यांनी हा अल्बम 'क्वीन वन' या नावाने पुन्हा बांधून काढला. वाजवणं आणि गाणं १९७३ चंच, पण ड्रमभोवती त्यांना तेव्हा हवी असलेली खोली आता तंत्राने उभी केली. 'मॅड द स्वाइन' चौथ्या क्रमांकाच्या आपल्या मूळ जागी परत आलं.

मी दोन्ही आवृत्त्या पाठोपाठ ऐकल्या. 'कीप युअरसेल्फ अलाइव्ह'च्या मध्यावर टेलर एकटा वाजवतो ती जागा नव्यात भरून येते, यात वाद नाही. 'ग्रेट किंग रॅट' तर आता कुठे उभं राहिलं. तरीही जुन्या रेकॉर्डवरचा तो दबलेला ड्रम मला पूर्ण सोडवत नाही. त्यात कोंडलेला माणूस दार ठोठावतोय असं ऐकू येतं, आणि १९७२ मधल्या त्या रात्री खरोखर तसंच चाललं होतं. दुरुस्ती करण्याचा त्यांचा हक्क मान्य. मूळ रेकॉर्ड मी कपाटातच ठेवणार आहे.

नवा संच येण्याआधी लोकांना चुणूक म्हणून त्यांनी एक गाणं पुढे पाठवलं. दहा-अकरा गाण्यांतून निवडलेलं ते गाणं होतं 'द नाइट कम्स डाउन'.